तिसऱ्या ओळीच्या टाळ्या

मांडवाखाली टीव्ही लावायचं कूकाच्या डोक्यातून निघालं, म्हणजे पुढे जे झालं त्याचा पहिला दोष कूकाचाच, असं लामुसा आत्या पुढेही सांगत राहिली. मेलेल्याच्या थोरल्या कार्याला ढोल असावा, दोलो असावा, चार भांडखोर सोयरे असावेत. टीव्ही कशाला? पण चार वाजता पॅरिसच्या निर्मात्याचा माणूस यायचा होता आणि आपला थोरला भाऊ तिंगा केवढा दिग्दर्शक होता हे कूकाला त्याच्यासमोर मिरवायचं होतं. भाऊ जिवंत असताना ह्याच कूकाने सिमेंटच्या दुकानातून उठून त्याचा एक चित्रपट शेवटपर्यंत पाहिला असेल तर आत्याचं नाव बदला.

तिंगाला मातीत ठेवलं तेव्हा पावसाळा संपत आला होता. आता तांबडी ज्वारी घरात आली, रस्त्यावर धूळ उडायला लागली, तेव्हा थोरलं कार्य निघालं. दोलो, म्हणजे ज्वारीची दारू, आत्याने स्वतः गाळला होता. तीन दिवस ज्वारी भिजवून मोड आणले, वाळवली, दळली, दोन दिवस चुलीपाशी उभी राहिली. गुंगिन वस्तीतल्या अर्ध्या बायका तिच्याकडून दारू गाळायला शिकल्या होत्या आणि उरलेल्या अर्ध्या शिकल्या नाहीत म्हणून त्यांची दारू आंबट होती. भावाची बायको गेली तेव्हा तिंगा नऊ वर्षांचा, तलातो तीन आणि कूका अंगावर पिणारा. ह्याच दारूवर तिने तिघांना वाढवलं.

दुपारी तीनच्या सुमाराला पडद्यावर तिंगाचा पहिला चित्रपट सुरू झाला. काळ्यावर पांढरी नावं आली. पहिली ओळ चित्रपटाची. दुसरी तिंगाची. तिसरी ओळ आली तशी आत्या गुडघे धरून उठली, लुगड्याचा पदर सावरला आणि दोन्ही हातांनी कडकडून टाळ्या वाजवल्या.

सव्वीस वर्षं ती हेच करत आली होती. पहिल्या वेळी चित्रपटगृहात तिंगाने तिचं कोपर दाबून सांगितलं होतं, "आत्या, तिसरी ओळ बघ. चित्रपट कापून जोडणाऱ्याची. ती आपल्या तलातोची." आत्याला वाचता येत नव्हतं, पण तीनपर्यंत मोजता येत होतं. महोत्सवात मंत्री बसलेले असोत, गोरे बसलेले असोत, तिसऱ्या ओळीला ती उठायचीच. लोक हसायचे, मग कौतुक करायचे. एका वर्तमानपत्रात तिचा फोटोसुद्धा आला होता.

आज मात्र मांडवात कुणीतरी इतकं खदखदून हसलं की त्याच्या नाकातून दोलो बाहेर आला. तो तोए मास्तर होता.

तोए मास्तर जातीचा सामो. मोसी आणि सामो म्हणजे जन्माचे थट्टेकरी. सामोने मोसीच्या मयतावरसुद्धा हसावं आणि मोसीने रागावू नये अशी रीत. सकाळी आल्या आल्या तो दारातच आडवा झाला होता, "माझा गुलाम मेला, आता माझं शेत कोण नांगरणार? त्याच्या बदल्यात मला खायला कुत्र्याचं डोकं आणा, तेव्हाच उठेन," म्हणून. आत्याने त्याच्या अंगावर भांडं धुतलेलं पाणी ओतलं तेव्हा उठला. इथवर सगळं रीतीप्रमाणे चाललं होतं.

"अगं ए मोसीणी," तो डोळे पुसत म्हणाला, "टाळ्या कुणाला वाजवतेस?"

"माझ्या तलातोला. तुझ्या डोळ्यांत कुत्र्याची चरबी गेली का?"

"तलातो? अगं, तिथं गोऱ्याचं नाव आहे! एत्येन वोक्लेर. मी चाळीस वर्षं पोरांना अक्षरं शिकवली, मला सांगतेस? वाहवा! बघा रे, मोसी आपल्या पोरीच्या नावाने गोऱ्याची आरती करते!"

तो एकटाच हसत होता. दीडशे माणसांच्या मांडवात दुसरं कुणी हसलं नाही, कुणी "काय म्हणतोस" म्हणून विचारलंही नाही. जो तो आपल्या हातातल्या दोलोच्या भोपळ्यात बघायला लागला. त्यावरूनच आत्याला कळलं. मास्तर खोटं बोलत असता तर लोकांनी त्याला हसून घेतलं असतं. म्हणजे सगळ्यांना माहीत होतं. सव्वीस वर्षं सगळं गाव तिला टाळ्या वाजवताना बघत होतं आणि सगळ्यांना माहीत होतं.

"त्या डब्या आण," आत्या मास्तरला म्हणाली.

टीव्हीशेजारी तिंगाच्या सातही चित्रपटांच्या डीव्हीडीच्या डब्या पाहुण्यांना दाखवायला मांडल्या होत्या. मास्तरचं हसू आता ओसरलं होतं. थट्टा कुठे संपते हे थट्टेकऱ्याला बरोबर कळतं.

"राहू दे, लामुसा. मी प्यायलोय."

"प्यायलास तर माझीच प्यायलायस. वाच. सातही."

त्याने वाचलं. पहिल्यावर वोक्लेर. दुसऱ्यावर वोक्लेर. ज्याला महोत्सवात बक्षिसाचा घोडा मिळाला, जो घोडा पाटावर ठेवून आत्या दर शनिवारी फडक्याने पुसायची, त्याच्यावरही वोक्लेर. सातव्यापर्यंत तो गोरा हलला नाही.

"आणि माझी पोरगी?"

मास्तरने चष्मा कपाळावर सरकवला, डबी नाकाशी नेली. "आहे. अगदी खाली आहे. ड्रायव्हरच्या वर. संकलन साहाय्य."

"किती मोठ्या अक्षरात?"

मास्तरने डबी परत ठेवायला हात लांबवला.

"किती मोठ्या, विचारते!"

"मुंगीएवढ्या," तो म्हणाला.

*

तलातो मागच्या अंगणात मोठ्या मडक्यांपाशी बसून भेंडीच्या कालवणाला फोडणी देत होती. पंचेचाळिशीची बाई, पण डोळे सत्तरीचे. चष्म्याच्या काचा बाटलीच्या बुडासारख्या. सतराव्या वर्षी ती सरकारी चित्रपटाच्या खोलीत रिळं गुंडाळायला लागली होती. तेव्हा चित्रीकरण झालेली फीत धुवायला पॅरिसला जायची आणि सहा आठवड्यांनी परत यायची. तोवर नट जाड झालेले असायचे. तलातो खिडकीला ओली चादर बांधून बसायची, फितीचे तुकडे चिमट्यांना लटकवायची, नको तो तुकडा कापायची, हवा तो चिकटपट्टीने जोडायची. तिचे पांढरे हातमोजे आत्याच धुवायची. "एवढ्या पांढऱ्या हातांनी कसली मजुरी करतेस गं?" ती विचारायची. नवऱ्याने एकदा मी की ती खोली, असं विचारलं. तलातोने खोली सांगितली. पुढे यंत्र आलं, कात्री गेली, पण बामाकोहून, निआमेहून पोरं आपापलं चित्रीकरण उराशी धरून तिच्याकडे येतच राहिली. तिच्या दारात चपला मावायच्या नाहीत.

आत्याने डबी तिच्या मांडीवर टाकली.

"हे काय आहे?"

तलातोने पळी ठेवली. डबी बघितली. "तोए बोलला वाटतं," ती म्हणाली.

"तोए बोलला! तोए! ज्याला मी दारातून पाणी टाकून उठवलं, त्याने मला सांगायचं? तुझ्या तोंडाला काय टाका घातला होता?"

"काय सांगणार होते, आत्या? पैसे देणाऱ्यांची अट होती. संकलक त्यांच्याकडचा पाहिजे. तो वोक्लेर दोन आठवडे आला, पोट बिघडलं, हॉटेलात पडून राहिला, गेला. चांगला माणूस होता बिचारा. दादा म्हणाला, एवढा एक जाऊ दे. दुसऱ्याला म्हणाला, नाव आता लोकांना माहीत झालंय, बदललं तर विचारतील. चौथ्यापासून अटच उरली नव्हती. तेव्हा मी विचारलं."

"मग?"

"पुढच्याला, म्हणाला."

"आणि तू पुढच्याला थांबलीस! अगं, मी एका गिऱ्हाइकाला दोन वेळा 'पुढच्याला' म्हणाले तर तो माझं मडकं फोडेल. तू सात मडकी भरून दिलीस?"

"तू टाळ्या वाजवत होतीस!" तलातो ताडकन उभी राहिली. आवाज एवढा चढला की कोंबड्या उडाल्या. "दर वेळी! सगळ्यांच्या देखत! तुला वाटतं मला बरं वाटायचं? तू उठलीस की मी खुर्चीत खाली सरकायचे. पहिल्याच वेळी सांगायला हवं होतं, मान्य. तेव्हा धीर झाला नाही. नंतर तू इतक्या वेळा उठली होतीस की सांगितलं असतं तर तुझं हसं झालं असतं. माझं नाव गेलं ते गेलं, तुझं कशाला घालवू? परक्या पोरांच्या चित्रपटांवर आहे माझं नाव. बामाकोला आहे, लोमेला आहे. फक्त माझ्या घरात नाही."

आत्याला दम लागला होता. राग कुणावर काढावा हेच तिला कळेना. ज्याच्यावर काढायचा तो पाच महिन्यांपूर्वी मातीखाली जाऊन बसला होता. आयुष्यभर तो तसाच: वेळ आली की सटकायचा.

"आत्या, इथे आहेस होय!" कूका आला. नवा कोरा अंगरखा, घामाने पाठीला चिकटलेला. "तो डबा काढून ठेव बाई. चार वाजता माणूस येतोय. त्याचं विमान आहे."

डबा म्हणजे बिस्किटांचा निळा डबा. त्यात यंत्राला लावायच्या, साबणाच्या वडीएवढ्या दोन काळ्या पेट्या होत्या आणि त्यांत तिंगाचा आठवा चित्रपट: चित्रित झालेला, पण न कापलेला, न जोडलेला. इस्पितळात जायच्या दिवशी तिंगाने तो आत्याकडे दिला होता. "मी सांगेन त्यालाच दे," म्हणाला होता. सांगायचा राहिला. आत्याने डबा रिकाम्या मडक्यात, गारव्याला ठेवला होता. कार्य झालं की तुला देईन, असा शब्द तिने कूकाला दिला होता, कारण घरात पुरुष म्हणून आता तोच.

"पॅरिसला कोण कापणार तो?" आत्याने विचारलं.

"त्यांची माणसं आहेत. मोठी माणसं."

"वोक्लेर?"

"तो मेला गं कधीच. दुसरा कुणी." कूकाने तलातोकडे पाहिलंही नाही. "तलातोला ते साहाय्यक म्हणून घेतील, मी बोललोय. मी बहिणीला विसरलो नाही."

"विसरला नाहीस!" आत्या म्हणाली. "ड्रायव्हरच्या वर ठेवशील ना? की ह्या वेळी खाली?"

"आत्या, नावात काय आहे? पोट भरलं ना तिचं? दादाचं नाव मोठं झालं की घराण्याचं झालं. तू शब्द दिलायस. आपल्या झुंग्राना घराण्याची बाई शब्द फिरवत नाही."

ते खरं होतं, म्हणून जास्त झोंबलं.

*

तेवढ्यात मांडवात ढोल घुमला आणि हशा उसळला. मेलेला आला होता.

रीत अशी, की थोरल्या कार्याला घरात लग्न करून आलेली एखादी बाई मेलेल्याचं सोंग घेते. त्याचे कपडे घालते, त्याच्यासारखी चालते, खाते, खेकसते. तोवर ती बाई नसते, तो असतो. ती जे बोलेल त्याबद्दल पुढे तिला कुणी जाब विचारायचा नाही आणि ती जे देईल ते परत घ्यायचं नाही. तिंगाचं सोंग कूकाच्या बायकोकडे, सोलांजकडे आलं होतं. आत्याने नाक मुरडलं होतं. सोलांज शहरातल्या औषधाच्या दुकानात उभी राहणारी, चूल फुंकायला गेली तर पापण्या जाळून घेणारी. तिला काय जमणार? पण इस्पितळात चार महिने तिंगाच्या उशाशी तीच बसली होती, हेही आत्याला माहीत होतं.

जमलं, आणि असं जमलं की आत्याचं मुरडलेलं नाक सरळ झालं. खिसेच खिसे असलेलं ते खाकी जाकीट. दोरीला लटकलेला चष्मा. डावा पाय जरा ओढत चालणं. न पेटवलेली सिगारेट ओठाच्या कोपऱ्यात. सोलांज बोटांची चौकट करून पाहुण्यांना तीतून बघत होती आणि ओरडत होती, "तू! जाड्या! उजेडातून बाजूला हो! पुन्हा! नाही आवडलं, पुन्हा!" एका म्हाताऱ्या सोयऱ्याला तिने तीनदा ज्वारीच्या उकडीचा घास तोंडाशी नेऊन परत ठेवायला लावला. लोक हसून लोळत होते. तोए मास्तर ओरडला, "अरे गुलामा, खाली काय मिळतं प्यायला?"

"तुझ्या बापाने सगळं संपवलंय!" तिंगाच्या आवाजात उत्तर आलं.

आत्या गर्दीतून सरळ पुढे गेली. ढोलवाल्याने तिचं तोंड पाहिलं आणि हात आवरला.

"मेल्या," ती म्हणाली. ती शिवी होती आणि नव्हतीही. "इकडे ये."

सोलांज पाय ओढत आली. "काय गं आत्या? भूक लागलीय मला."

बारा वर्षांत ह्या सुनेने आत्याला "आत्याबाई, तुम्ही" याखेरीज हाक मारली नव्हती.

"तिसऱ्या ओळीत कुणाचं नाव आहे?"

कूका पुढे सरसावला. "आत्या, हे काय चालवलंयस? चार वाजत आलेत. सोलांज, बस कर. उतरव ते जाकीट."

"तू कोण रे मध्ये बोलणारा?" आत्या त्याच्याकडे न बघता म्हणाली. "मी तुझ्या बायकोशी बोलत नाही. ह्याच्याशी बोलते. बोल, तिंगा. मला कोपर दाबून काय सांगितलंस? मी अडाणी म्हणून? माझ्या तळहातांची सालं गेली त्या गोऱ्यासाठी. बोल!"

सोलांजने सिगारेट ओठातून काढली. चष्मा नाकावर चढवला, पुन्हा उतरवला, जसा तिंगा अडचणीत सापडला की करायचा. एक क्षण तिने नवऱ्याकडे बघितलं. कूकाने बोट उगारलं. मग ती जमिनीकडे बघत बोलायला लागली. आवाज तिंगाचाच होता, पण इस्पितळातल्या तिंगाचा, दम लागलेला.

"मला लाज वाटली, आत्या."

"कसली?"

"पहिल्या चित्रपटाचा शेवट माझ्याकडे नव्हताच. फीत संपली, पैसे संपले. मी रडत घरी येऊन झोपलो. तलातोने टोपलीत टाकलेले तुकडे काढले. उजेड तपासायला म्हणून मी तुझं तोंड चित्रित केलं होतं. तू दारू गाळत होतीस आणि मला शिव्या देत होतीस. मी फेकलं होतं ते. तिने तेच शेवटी लावलं, आवाज काढून टाकून. सगळे त्या शेवटावर रडले. मला विचारायचे, तुम्हाला हे सुचलं कसं? मी म्हणायचो, सुचलं. गोऱ्याचं नाव असलं तर लोक म्हणतात, तिंगाने गोऱ्याला कामाला लावलं. बहिणीचं नाव असतं तर म्हणाले असते, बहिणीने शिवलेला अंगरखा घालून फिरतो."

"खोटं!" कूका ओरडला. "दादा असलं काही बोलला नाही! ही मनचं—"

"तू होतास का तिथे?" जाकिटातला माणूस एकदम वळून खेकसला. "चार महिन्यांत तीनदा आलास. तीनही वेळा डबा कुठे आहे म्हणून विचारलंस!"

मांडवातून हुंकार उठला. कूकाने उगारलेलं बोट खाली घेतलं. सोंगाशी भांडता येत नाही. उद्या घरी गेल्यावर बायकोला एक शब्द विचारता येणार नाही, आणि हे तिथल्या पोराठोरांनासुद्धा माहीत होतं.

आत्या उभी होती. तिंगा खरंच हे सगळं बोलला होता की सोलांजने त्याच्या तोंडी घातलं होतं, कोण सांगणार? पण तो शेवट तिला आठवत होता. त्यातलं आपलं घामेजलेलं तोंड ती ओळखायची आणि मनात म्हणायची, माझ्या पोराने मला शेवटी ठेवलं. चोथा कुठला आणि दारू कुठली हे गाळणाऱ्या हाताला कळतं, मोड आणणाऱ्याला नाही. आयुष्यभर हेच काम केलं तिने. आणि आपल्याच पोरीचं तेच काम तिला ओळखता आलं नाही.

ती आत गेली. मडक्यातून निळा डबा काढला. बाहेर आली.

"आत्या, तू मला शब्द दिलास," कूका दात आवळून म्हणाला.

"दिला ना. कार्य झालं की देईन म्हणाले. कार्य झालंय का अजून?" तिने डबा सोलांजच्या हातात ठेवला. "हा तुझा, तिंगा. 'मी सांगेन त्यालाच दे' म्हणाला होतास. मी थांबले होते. आता सांग. की हेही पुढच्याला?"

सोलांज पाय ओढत मागच्या अंगणाकडे निघाली, मागोमाग आत्या. गर्दी दुभंगली. तलातो भिंतीला टेकून उभी होती, हातात अजून पळी.

"मला नको," तलातो म्हणाली. तिने रागाने पळी उगारली. "मेल्यावर देतोस? सगळ्यांसमोर, नाटक करून? जिवंतपणी एक ओळ देता आली नाही तुला! मला भीक नको तुझी."

"भीक नाही," सोलांज म्हणाली. आणि मग अगदी हळू, तिंगाचा आवाज होता की तिचा स्वतःचा हे कुणाला सांगता आलं नाही, "ह्याचाही शेवट माझ्याकडे नाही, तलातो. मला जमला नाही."

तलातोने चष्मा वर सरकवून डबा बघितला. मग तिने पळी आत्याच्या हातात दिली, जशी कुणी मोलकरणीच्या हातात देईल, आणि डबा घेतला.

"आधी माझं नाव लावीन," ती म्हणाली. "मग पहिला तुकडा कापीन. पॅरिसवाला हो म्हणाला तर ठीक. नाही तर हा डबा मडक्यात सडेल."

"सडू दे," आत्या म्हणाली.

चार वाजता पॅरिसचा माणूस आला. सुटाबुटात, घामाघूम. कूकाने त्याला भोपळ्यातून दोलो दिला आणि कोपऱ्यात नेऊन बराच वेळ हातवारे केले. तलातो त्यांच्याकडे स्वतः गेली, डबा काखेत धरून, आणि उभ्यानेच बोलली. काय ठरलं ते त्या दिवशी कळलं नाही. माणूस डब्याविना विमानाला गेला, एवढं सगळ्यांनी बघितलं.

ऊन उतरल्यावर गावाकडच्या सोयऱ्यांची गाडी आली. त्यांच्यासाठी कुणीतरी पुन्हा तोच पहिला चित्रपट लावला. काळ्यावर पांढरी नावं यायला लागली तशी मांडवातली एकेक मान आत्याकडे वळली. पहिली ओळ. दुसरी.

आत्या उठली. पण टाळ्या वाजवल्या नाहीत. ती तरातरा टीव्हीपर्यंत गेली आणि दारू गाळून गाळून खरखरीत झालेला आपला पंजा तिसऱ्या ओळीवर ठेवला. बोटांमधून पांढरा उजेड येत राहिला. ओळ गेली तेव्हाच तिने हात काढला.

"उशीर केलास," मागून तलातोचा आवाज आला. ती खुर्चीत खाली सरकली नव्हती. ताठ बसली होती, चष्मा पुसत. "पहिली दोन अक्षरं दिसली. पुढच्या वेळी आधी ठेव."

"पुढच्या वेळी?" आत्या फणकारली. "पुढच्या वेळी हे हात मला टाळ्यांना लागतील."